यंत्राचा दुभाषी

परप्रांतात नोकरीला आलेल्या माणसाला दुभाष्याची किंमत फार लवकर कळते. मी रायपूरला रुजू झालो तेव्हा हिंदीची मला धास्ती नव्हती; केंद्र सरकारच्या नोकरीत टिप्पणी आणि मसुदा लिहिण्यापुरती हिंदी प्रत्येकाच्या हाताखालून जातेच. परंतु पहिल्याच आठवड्यात दूधवाला दारात उभा राहून तावातावाने जे काही बोलला, त्यातला 'दूध' एवढा एकच शब्द मला समजला. ती छत्तीसगढी होती. शेजारच्या वहिनी मूळच्या तात्यापाऱ्यातल्या, म्हणजे येथल्या जुन्या मराठी वस्तीतल्या. त्यांनी ओट्यावरूनच त्याचे म्हणणे मला मराठीत आणि माझे म्हणणे त्याला छत्तीसगढीत सांगितले, आणि दोन मिनिटांत तंटा मिटला. तोवर आम्ही दोघेही शहाणे असून एकमेकांना वेडे समजत होतो.

कचेरीतल्या प्रिंटरच्या ड्रायव्हरबद्दल मी लिहिणार आहे. हे वाचून काही वाचक पान उलटतील. त्यांनी खुशाल उलटावे; परंतु महिनाअखेरीस, साहेब गाडीला निघण्याच्या बेतात असताना, ज्यांनी प्रिंटर मख्ख बसलेला पाहिला आहे, ते पान उलटणार नाहीत अशी माझी खात्री आहे.

विंडोज ७ या प्रणालीची देखभाल तिच्या कंपनीने १४ जानेवारी २०२० रोजी थांबवली. आमच्या शाखेतले चारही संगणक त्याच प्रणालीवर चालत, आणि नवी प्रणाली पेलण्याचे त्यांचे वय उरले नव्हते. नव्या यंत्रांसाठी निधी नव्हता. मी घरच्या जुन्या संगणकावर हौसेने लिनक्स चालवीत असे; तेव्हा मोठ्या धिटाईने टिप्पणी लिहिली की, हेच संगणक मुक्त स्रोताच्या प्रणालीवर आणखी चारसहा वर्षे चालतील. आधारही भरपूर दिले. सी-डॅकने 'बॉस' नावाची लिनक्सची भारतीय आवृत्ती २००७ सालीच काढली होती, आणि सरकारी कामात मुक्त स्रोताला प्राधान्य द्यावे असे भारत सरकारचे २०१५ चे धोरणही होते. साहेबांनी समासात लिहिले: 'प्रायोगिक तत्त्वावर, कोणताही अतिरिक्त खर्च न करता.' त्या ओळीचा खरा अर्थ 'जबाबदारी टिप्पणी लिहिणाऱ्याची' असा असतो, हे मला तेव्हा उमगले नाही.

एका शनिवारी मी चारही संगणकांवर नवी प्रणाली चढवली. सारे काही सुरेख झाले. पडदा उजळला, फायली उघडल्या, देवनागरी अक्षरे नीट उमटली. सोमवारी पहिले पत्र छापायला घेतले आणि प्रिंटरने दीडशे कोरे कागद गिळून प्रत्येकाच्या माथ्यावर एकेक ओळ अगम्य चिन्हांची उमटवून बाहेर टाकले. मी वीज बंद करीपर्यंत तो थांबला नाही.

आमचा प्रिंटर जुना, लेसर जातीचा, कोणत्याही कचेरीत दिसतो तसा. प्रणालीने दाखवलेल्या यादीत त्याचे नाव नव्हते म्हणून मी त्याच्या भावंडाचे नाव निवडले होते. आडनाव एक आहे तेव्हा भाषाही एक असेल, असा माझा तर्क. आमच्या कचेरीतले वृद्ध दप्तरी, ज्यांना सारेजण 'कका' म्हणत, ते कागद गोळा करीत होते. मी म्हणालो, "कका, ड्रायव्हर नहीं है, इसलिए ऐसा हो रहा है." ते क्षणभर विचारात पडले आणि म्हणाले, "ड्रायवर त आज छुट्टी म हे." कचेरीच्या जीपगाडीचा चालक त्या दिवशी खरोखरच रजेवर होता. दीडशे कागदांच्या पाठकोऱ्या बाजू त्यांनी पुढे कित्येक महिने टाचण लिहायला वापरल्या. माझी फजिती अशी रोज टेबलावर हजर असे.

या प्रकाराचे मूळ कशात आहे ते थोडक्यात सांगतो. आपण 'छापा' म्हटल्यावर मजकूर संगणकातल्या छपाईव्यवस्थेकडे जातो. लिनक्समध्ये तिचे नाव कप्स. ती कागदांना रांगेत उभे करते, मजकुराचे पानाच्या चित्रात रूपांतर करते, आणि ते चित्र ड्रायव्हरच्या हवाली करते. काही प्रिंटर शिकलेले असतात: त्यांना 'येथे अमुक अक्षर काढ' असे सांगितले की पुरते. आमचा तसा नव्हता. स्वस्त प्रिंटरांची बुद्धी कंपनीने काढून संगणकात ठेवलेली असते. एका ए-४ कागदावर, इंचाला सहाशे या हिशेबाने, सुमारे साडेतीन कोटी ठिपक्यांची जागा असते. त्यातला कोणता काळा आणि कोणता पांढरा हे सारे संगणकाने ठरवायचे, आवळून बांधायचे आणि प्रिंटरला कळेल अशाच गाठी मारून पाठवायचे. ती गाठ मारणारा तो ड्रायव्हर. कंपनीने तो विंडोजसाठी दिला होता, लिनक्ससाठी दिला नव्हता, आणि गाठ कशी मारतात हेही कोणाला सांगितले नव्हते.

फेब्रुवारी आणि मार्च हे दोन महिने मी लाजेत काढले. एका संगणकावर जुनी विंडोज परत बसवावी लागली. छापायचा प्रत्येक कागद पेनड्राइव्हवर घालून त्या संगणकाकडे न्यायचा, अशी वारी सुरू झाली. सहकारी चांगले होते; ते हसत नसत, फक्त "आपका प्रयोग कैसा चल रहा है?" असे विचारीत.

मग २०२० च्या मार्चअखेरीस टाळेबंदी आली. घरात बसून मी वाचन केले. प्रिंटर हे एवढे वादाचे यंत्र आहे, हे मला तेव्हा समजले. मुक्त आज्ञावलीची सारी चळवळ, ज्यातून पुढे लिनक्सचा संसार उभा राहिला, तिची ठिणगी एका प्रिंटरच्या ड्रायव्हरवरूनच पडली. १९८० च्या सुमारास अमेरिकेतल्या एमआयटीच्या प्रयोगशाळेत रिचर्ड स्टॉलमन काम करीत असे. तेथल्या जुन्या प्रिंटरची आज्ञावली या मंडळींच्या हाती होती, म्हणून त्यांनी तिच्यात सोय करून घेतली होती की, कागद अडकला की छापणाऱ्याच्या पडद्यावर निरोप यावा. पुढे झेरॉक्सचा नवा लेसर प्रिंटर आला, पण त्याची मूळ आज्ञावली आली नाही. कागद अडके, आणि माणसे खालीवर खेटे घालीत. कार्नेगी मेलन विद्यापीठात एका गृहस्थाजवळ ती आज्ञावली आहे असे कळल्यावर स्टॉलमनने ती मागितली. गृहस्थ म्हणाला, मी कोणाला न देण्याचे वचन दिले आहे. तो नकार या माणसाच्या मनात रुतून बसला. सप्टेंबर १९८३ मध्ये त्याने ग्नू प्रकल्पाची घोषणा केली. एका अडकलेल्या कागदाने एवढे घडवले. आमच्याकडे रोज चार अडकतात.

त्याच वाचनात मला आमच्या प्रिंटरचा दुभाषीही सापडला. कंपनीने काही सांगितले नसता एका परक्या माणसाने तिचा ड्रायव्हर प्रिंटरला काय पाठवतो ते टिपून, एकेक बाइट ताडून पाहत, ती भाषा शिकून घेतली होती. अगदी मी शेजारणीचे बोलणे ऐकून छत्तीसगढी शिकत होतो तशीच. पुढे त्याने ते काम थांबवले, आणि डेबियनच्या स्वयंसेवकांनी ते आपल्या भांडारात सांभाळून ठेवले. यातल्या कोणालाही मी एक पैसा दिलेला नाही. ज्या जगात मला प्रवासभत्त्याचे बिल मंजूर करून घ्यायला तीन सह्या लागतात, त्या जगात हे कसे बसवावे, याचा मला अजून उलगडा झालेला नाही.

एप्रिलच्या विसाव्या तारखेनंतर केंद्राच्या कचेऱ्यांत एक तृतीयांश हजेरी सुरू झाली. रिकाम्या खोलीत, तोंडाला पट्टी बांधून, मी तो ड्रायव्हर बसवला. तरीही प्रिंटर गप्प. दोन दिवसांनी कारण सापडले. आमच्या प्रिंटरला स्वतःची स्मृतीच नव्हती. वीज बंद झाली की तो स्वतः कोण आहे हेच विसरतो, आणि पुन्हा सुरू झाल्यावर त्याला त्याची अंतर्गत आज्ञावली संगणकाने दर वेळी नव्याने पाठवावी लागते. ती आज्ञावली कंपनीच्या मालकीची असल्यामुळे मुक्त भांडारात ठेवता येत नाही. ती निराळी आणून योग्य जागी ठेवावी लागते. मी ती आणली, ठेवली, प्रिंटर बंद करून चालू केला. आत काहीतरी घुरघुरले, दिवा हिरवा झाला. मी 'परीक्षण' एवढाच शब्द छापायला पाठवला. तो कागद मी अजून ठेवला आहे.

रायपूरचा उन्हाळा ज्यांनी काढला आहे त्यांना दिवसातून वीज किती वेळा जाते हे सांगायला नको. संगणकाला यूपीएस असतो, परंतु लेसर प्रिंटर त्याला जोडत नाहीत. शाई कागदावर वितळवणारी तापलेली कांडी एवढा प्रवाह ओढते की यूपीएस बसतो. तेव्हा वीज गेली की आमचा प्रिंटर दर वेळी ज्ञानशून्य होई. प्रिंटरची तार जोडली गेल्याचे दिसताच आज्ञावली आपोआप जावी, असा एक नियम मी प्रणालीत लिहून ठेवला आणि विषय संपला असे समजलो.

संध्याकाळी घरी जाताना मी पुष्कळदा बूढापाऱ्यावरून जातो. तेथे माधवराव सप्रे यांच्या नावाची शाळा आहे. सप्रे मराठी घरातले. परंतु १९०० च्या जानेवारीत त्यांनी पेंड्र्याहून 'छत्तीसगढ मित्र' हे हिंदी मासिक काढले, आणि पुढे समर्थांचा दासबोध व टिळकांचे गीतारहस्य हिंदीत नेले. १९२६ साली रायपुरातच ते वारले. आपल्या मराठी मुलखात त्यांचे नाव किती जणांना ठाऊक आहे, कोण जाणे. दुभाष्याला दोन्हीकडचे लोक विसरतात, असे त्या भिंतीजवळून जाताना मला पुष्कळदा वाटते. मग घरी भाजी न्यायची आठवण होते.

ड्रायव्हर बसवणे हे एका दिवसाचे काम होते. सांभाळणे संपतच नाही. आठवडा गेला नाही तोच प्रिंटरचा दिवा लुकलुकू लागला. तो मागत होता 'लेटर' मापाचा कागद. प्रणाली बसवताना भाषा विचारली तेव्हा मी 'इंग्रजी, अमेरिका' असे निवडले होते, आणि अमेरिकेचा कागद २१६ बाय २७९ मिलिमीटर असतो, आपला ए-४ हा २१० बाय २९७. अठरा मिलिमीटरच्या त्या तफावतीने अर्धा दिवस खाल्ला. दुसरा त्रास असा की, कागद अडकला की रांग थांबे आणि कागद काढल्यावरही थांबलेलीच राही. ती कोणीतरी पुन्हा सुरू केल्याखेरीज हलत नसे. सहकारी मग तेच पत्र सात वेळा छापायला पाठवीत, आणि मी रांग मोकळी केली की सातही प्रती बाहेर येत. शेवटी मी एक रजिस्टर घातले. दिनांक, काय झाले, काय केले, असे तीन रकाने. सुरुवातीला हिंदीत लिहीत असे. चीड आली की मराठीत.

घरीही या कामाची एक शाखा उघडली होती. माझी आई वाईला असते. तिला फोनच्या पडद्यावरचे वाचवत नाही, म्हणून मी दर महिन्याला पत्र मोठ्या टंकात छापून टपालाने पाठवतो. पहिल्या पत्राला तिचे उत्तर आले: "मजकूर पोचला. पण तुझा 'ल' आणि 'श' असे हिंदी पुस्तकातल्यासारखे का दिसतात? तिकडे गेल्यावर अक्षरसुद्धा बदलले का?" मी चरकलो. मग शोधता शोधता समजले की, काही टंकांत मराठी वळणाचे 'ल' आणि 'श' दडलेले असतात; मजकुराची भाषा 'हिंदी'ऐवजी 'मराठी' आहे असे सांगितले की ते पुढे येतात. पुढच्या पत्रात ते आले. आईने त्याबद्दल काही लिहिले नाही, म्हणजे ते ठीक उमटले असावेत.

आता ३० जून २०२३ ची गोष्ट. आपल्याकडे शाळेत नाव घालताना गुरुजींनी सरसकट एक जुलै ही जन्मतारीख टाकलेली असते; त्यामुळे तीस जूनला निवृत्त होणारांची रांग लागते. कका त्यातलेच. त्यांची एकच इच्छा होती की, सारे कागद त्याच दिवशी हातात मिळावेत. पुन्हा कचेरीच्या पायऱ्या 'काम होता है क्या' असे विचारत चढायला लागू नयेत. इतरांना तसे चढताना त्यांनी पस्तीस वर्षे पाहिले होते. साहेब दुपारी तीनला निघणार होते, आणि नंतर शनिवार-रविवार. आदल्या दिवशी, गुरुवारी, बकरीदची सुटी होती.

शुक्रवारी सकाळी प्रिंटरचा दिवा हिरवा होता आणि प्रिंटर मेल्यासारखा होता. कागद रांगेत जाई आणि तेथेच राही. मी रांग सुरू केली, तार काढून घातली, संगणक बंद करून चालू केला. बारा वाजले, एक वाजला. बाहेर पावसाचे काळे ढग आले. कका दोनदा येऊन गेले. तिसऱ्यांदा येऊन त्यांनी विचारले, "का होगे बाबू, मसीन फेर रिसागे का?" रुसली का, असे ते विचारीत होते. त्यांच्या हातात कोऱ्या कागदांचे नवे रीम होते. निवृत्तीच्या दिवशीही कोणी सांगितल्यावाचून त्यांनी ते भांडारातून आणले होते. मी मान वर करू शकलो नाही.

चूक माझी होती. तीन वर्षांपूर्वी लिहिलेला तो नियम मी चुकीच्या खणात ठेवला होता. लिनक्समध्ये प्रणालीच्या फायलींचा एक खण असतो आणि स्थानिक व्यवस्थापकाच्या फायलींचा दुसरा. पहिल्यात ठेवलेले जे असेल ते सुधारित आवृत्ती आली की झाडले जाते. दुसऱ्याला कोणी हात लावीत नाही. हे स्पष्ट लिहिलेले असते, आणि मी ते वाचलेले नव्हते. बुधवारी संध्याकाळी ड्रायव्हरची नवी आवृत्ती आपोआप चढली होती आणि तिने माझा नियम पुसून टाकला होता. दोन वाजून वीस मिनिटांनी हे ध्यानात आल्यावर मी एका ओळीची आज्ञा लिहून प्रिंटरची स्मृती हाताने त्याच्याकडे लोटली. तो घुरघुरला. रांगेतले अकरा कागद एकामागून एक बाहेर आले: कार्यमुक्तीचा आदेश, हिशेबाचा तक्ता, नादेय प्रमाणपत्र, प्रत्येकाच्या प्रती. गरम कागद ककांनीच जुळवले, टाचले आणि साहेबांच्या खोलीत नेले. साहेबांनी उभ्याउभ्याच सह्या केल्या. तीनला पाच कमी असताना वीज गेली.

त्या संध्याकाळी हारतुरे झाल्यावर मी नियम योग्य खणात ठेवला आणि रजिस्टरात मराठीतच सविस्तर लिहिले. नंतर ध्यानात आले की, माझी बदली झाल्यावर हे येथे कोण वाचणार? म्हणून पुढे चार रविवार खर्चून सारे रजिस्टर हिंदीत उतरवून काढले. हे भाषांतर कोणी मागितले नव्हते.

वरच्या मजल्यावरही, म्हणजे छपाईव्यवस्थेच्या कर्त्यांमध्ये, या काळात उलथापालथ चाललीच होती. मायकेल स्वीट नावाच्या गृहस्थाने १९९९ मध्ये कप्स लोकांपुढे ठेवली. २००७ मध्ये अॅपल कंपनीने ती विकत घेतली आणि त्यालाही नोकरीत घेतले. २०१९ च्या अखेरीस त्याने नोकरी सोडली, मूळ प्रकल्प मंदावला, तेव्हा २०२० मध्ये ओपनप्रिंटिंग या मंडळींनी आणि त्यानेच मिळून ती निराळी पुढे चालवायला घेतली. आपल्याकडे बदली झालेला कारकून जुन्या टेबलाची काळजी परस्पर वाहत बसला तर त्याला लोक हसतील. २०२४ च्या सप्टेंबरात या व्यवस्थेच्या एका उपांगात, जाळ्यावरचे प्रिंटर आपण होऊन हुडकणाऱ्या भागात, मोठे भगदाड असल्याचे उघड झाले. त्यातून बाहेरचा माणूस संगणकात शिरू शकत होता. आम्हाला त्या भागाची गरजच नव्हती. मी चारही संगणकांवर तो बंद केला आणि तशी नोंद केली. पुढल्या आवृत्तीत आमच्यासारखे जुन्या धाटणीचे ड्रायव्हर चालणार नाहीत, त्यांना नवा पोशाख चढवावा लागेल, असेही त्या मंडळींनी सांगून ठेवले आहे. तोवर प्रिंटर जगतो की मी येथून हलतो, ते पाहावयाचे.

त्याच वर्षीच्या नोव्हेंबरात कका आले. निवृत्तांना त्या महिन्यात हयातीचा दाखला द्यावा लागतो; त्याचा कोरा नमुना त्यांना हवा होता. तो बँकेतही मिळतो, हे त्यांना ठाऊक होते. पांढरा सदरा, खांद्यावर गमछा. थोडे वाळले होते. खुर्ची दिली तरी बसले नाहीत. प्रिंटरजवळ जाऊन त्याच्या पाठीवर हात ठेवला आणि म्हणाले, "मसीन बने हे न?"

मी म्हणालो, "एकदम बने हे, कका," आणि नमुना छापायला पाठवला. घुरघुर झाली, कागद अर्धा बाहेर आला, आणि वीज गेली.

कका आता खुर्चीवर सावकाश बसले. "कोनो बात नइ हे बाबू," ते म्हणाले, "मैं अगोर लेहूं."